बायकोच्या सतरा टेस्ट, माझी एक

लिहायचं का नको यातच दोन महिने गेले. शेवटी बायकोला विचारलं तर म्हणाली, लिवा की, तुमचंच तर लिवणार, माझं काय हाय त्यात. टोमणा होता तो, पण बरोबर होता म्हणून लिहायला बसलोय.

हिशेब सांगतो आधी. दिवस राहत नव्हते म्हणून लग्नाच्या चौथ्या वर्षी आमच्या दवाखान्याच्या वाऱ्या सुरू झाल्या आणि पुढच्या अडीच वर्षांत बायकोच्या सतरा टेस्ट झाल्या. सतरा हा आकडा फाईल काढून मोजलाय. थायरॉईड, प्रोलॅक्टिन, बीजं किती उरलीत ते बघायची एएमएच, साखर, मग पाळीच्या नवव्या दिवसापासनं एक दिवसाआड, बीज वाढतंय का बघायला फॉलिक्युलर सोनोग्राफी, असं चार महिने, आणि नळ्या मोकळ्या आहेत का बघायला एचएसजी. माझी टेस्ट एक. ती पण शेवटी. आणि सगळ्यात स्वस्त, सुई नाही, दुखणं नाही, उपाशीपोटी यायची भानगड नाही.

एचएसजीचा दिवस मला पक्का आठवतोय. कोल्हापुरात राजारामपुरीत एक्स-रेवाल्याकडं नेलं होतं. गर्भपिशवीत औषध सोडून फोटो काढतात, काही जणींना कमी दुखतं, काहींना लई दुखतं, हिला लई दुखलं. ती वर टेबलावर होती तेव्हा मी खाली पार्किंगमध्ये गाडीला टेकून उभा होतो, टेन्शन आलेलं म्हणून एक सिगरेट ओढली, मग उशीर होतोय म्हणून दुसरी, मग नर्स खाली आली आणि म्हणाली झालंय, दहा मिनिटांत येतील, तेव्हा तिसरी. बायको पोटाला हात लावून खाली आली, गाडीवर मागं बसली, माझ्या पाठीवर डोकं टेकलं आणि लगेच उचललं. वास येतोय म्हणाली. बाकी काय नाही. बावड्यातल्या घरापर्यंत तशीच ताठ बसून आली.

मी शिरोली एमआयडीसीत फौंड्रीत आहे, मेल्टिंगला सुपरवायझर. कसबा बावड्यात जुनं घर, आई आप्पा आणि आम्ही दोघं. सिगरेट डिप्लोमाच्या दुसऱ्या वर्षी धरली, रंकाळ्यावर, पोरांच्यात. तेव्हा एकात तिघं ओढायचो. नंतर शिफ्ट ड्युटी लागली, प्रत्येक हीट, म्हंजे भट्टीतला एका वेळचा वितळलेला धातू, ओतून झाली की गेटबाहेरच्या टपरीवर चहा आणि एक, असं करत करत दिवसाला बारावर गेलो. चौदा वर्षं. कधी वाटलं नाही की जास्त आहे, कारण आमच्यात वीस-पंचवीसवाले पण आहेत.

या सगळ्याच्या आधी एकदा दिवस राहिले होते, ते सांगायचं राहिलंच. लग्नाच्या तिसऱ्या वर्षी. आठव्या आठवड्यात गेलं. त्यावेळी घरात जी चर्चा झाली ती अशी, की हिनं स्कुटी चालवली, रस्त्याला खड्डे केवढे, हिनं चुलत जावेच्या घरी पपई खाल्ली, हिला आधीच सांगितलेलं वजन उचलू नकोस. आई बोलली, आत्या बोलली, शेजारच्या काकू बोलल्या. ज्योतिबाला नवस बोलून झाला. मी पण मनात म्हणालो असणार की पपई कशाला खायची. मी सोप्याच्या दारात उभा राहून ओढत ओढत हे सगळं ऐकत होतो, आणि त्या अख्ख्या चर्चेत माझ्या हातातल्या वस्तूकडं एकाचंही बोट गेलं नाही. माझंही नाही.

पहिल्या दवाखान्याचं नाव घेत नाही. दीड वर्षं तिथं जात होतो. दीड वर्षात मला कुणी एक प्रश्न विचारला नाही, मी फक्त पैसे भरायला आणि गाडी लावायला. खरं सांगू, मला ते सोयीचंच होतं. मग बायकोच्या मैत्रिणीनं दुसऱ्या डॉक्टर सुचवल्या. या मॅडमनी फाईल चाळली, बंद केली आणि चष्म्यावरनं माझ्याकडं बघून विचारलं, यात तुमचं काय आहे? म्हटलं माझं काय? तुमचा रिपोर्ट कुठाय?

मग विचारलं, सिगरेट?

मी म्हणालो, कधीतरी.

बायको टेबलावरच्या कॅलेंडरकडं बघत म्हणाली, बारा. सुट्टीदिवशी पंधरा.

लाज वाटायची वेळ होती पण मला राग आला होता.

वीर्याच्या टेस्टसाठी आधी दोन ते सात दिवस बायकोपासनं लांब राहायचं पथ्य पाळायचं असतं, मॅडम म्हणाल्या तीन-चार दिवस पाळा. लॅबमध्ये गेलो. काउंटरवरच्या पोरानं नाव लिहिलेली प्लास्टिकची डबी दिली आणि ‘त्या खोलीत’ म्हणाला, एवढ्या मोठ्यानं की बाकड्यावरच्या दोन आज्ज्यांनी वर बघितलं. खोली म्हंजे काय, बाथरूमच्या शेजारची सहा बाय चारची जागा, एक स्टूल, एक बेसिन आणि भिंतीवर अंबाबाईचं कॅलेंडर. मी आधी हात जोडले आणि मग कॅलेंडर उलटं केलं. जाताना परत सरळ करायला विसरलो, रात्री आठवलं. असो. हसायला येतंय आता, पण त्या वेळी घाम फुटला होता आणि तेव्हा कळलं की ही बाई अडीच वर्षं दर महिन्याला अनोळखी माणसांसमोर टेबलावर कशी जात असेल.

रिपोर्ट आला. शुक्राणूंचा काउंट मिलीलीटरला ११ मिलियन. पुढं सरकणारे १४ टक्के. आकार नीट असलेले २ टक्के. खाली निदानाच्या जागी ‘ऑलिगो-अस्थेनो-टेराटो-झूस्पर्मिया’ असं आमच्या गल्लीपेक्षा लांब नाव. म्हंजे कमी, मंद आणि वाकडे, तिन्ही एकत्र. महिन्यानं परत करायला लावली, कारण एका रिपोर्टवर बोलायचं नसतं, ताप येऊन गेला तरी आकडा पडतो म्हणे. दुसऱ्यात १२ आले. म्हंजे ताप-बिप काय नव्हता, हे असंच होतं.

मॅडमनी एक गोष्ट नीट सांगितली ती इथं सांगतो कारण इंटरनेटवर बघून मी दोन रात्री झोपलो नव्हतो. डब्ल्यूएचओच्या २०२१ च्या पुस्तकात काउंटला १६ मिलियन, पुढं सरकणाऱ्यांना ३० टक्के, आकाराला ४ टक्के असे खालचे आकडे दिलेत, पण ती पस्तीस मार्कांची पासिंग लाईन नाही. ज्यांच्या बायकांना वर्षाच्या आत दिवस राहिले अशा पुरुषांचे आकडे घेऊन त्यातले सगळ्यात खालचे पाच टक्के जिथं संपतात ती ही रेघ. रेघेच्या खाली असलेल्यांना पोरं होत नाहीत असं नाही, वर असलेल्यांना होतातच असं पण नाही. शक्यता कमी होते, वेळ जास्त लागतो. आकारात ४ टक्के बरोबर असले तरी चालतात, हे ऐकून मला तर आश्चर्यच वाटलं. आमच्याकडं शंभरातली चार कास्टिंग बरोबर निघाली तर मालक गेटवरनंच परत पाठवेल.

आता माझी चलाखी बघा. मी लगेच भट्टी पुढं केली. म्हटलं मॅडम, मी फर्नेसवर असतो, आठ आठ तास उष्णता, त्यानंच झालं असणार. वृषणाला अंगापेक्षा दोन-तीन डिग्री कमी तापमान लागतं हे मी वाचून गेलो होतो. मॅडम म्हणाल्या, उष्णतेचा वाटा असू शकतो, बरोबर आहे तुमचं. मग तपासलं, व्हेरिकोसील म्हंजे तिथल्या शिरा फुगलेल्या नाहीत ना बघितलं, नव्हत्या. मग म्हणाल्या, भट्टी सोडता येईल का? म्हटलं नाही, घर चालतंय त्यावर. आणि सिगरेट?

उत्तर द्यायला जागाच ठेवली नव्हती बाईंनी.

प्रिस्क्रिप्शनच्या मागच्या बाजूला त्यांनी पेनानं एक शुक्राणू काढला, डोकं आणि शेपूट. म्हणाल्या धुरातली द्रव्यं रक्तातनं इथपर्यंत येतात, शेपूट मंद होतं ते रिपोर्टात दिसतं, पण डोक्यातला डीएनए तुटतो ते या साध्या रिपोर्टात दिसतच नाही. बाईच्या बीजाला थोडीफार तूट दुरुस्त करता येते, फार असली तर गर्भ धरत नाही किंवा धरून पडतो. चांगली गोष्ट एवढीच, की शुक्राणू तयार व्हायला साधारण ७०-७५ दिवस लागतात, म्हंजे माल सतत नवा तयार होत असतो, तीन महिने पूर्ण बंद ठेवा आणि मग बघू. बायकांचं तसं नसतं म्हणाल्या, त्यांची बीजं जन्मापासनंची मोजून असतात, जी बाई ओढते तिची ती लवकर संपतात, पाळी एक ते चार वर्षं आधी जाते, नळीत गर्भ राहायचा धोका वाढतो, टेस्ट ट्यूबला गेलं तरी यश कमी येतं. आणि जी ओढत नाही पण जिच्या शेजारी बसून कुणीतरी ओढतंय तिच्या अंगात पण थोडं थोडं जातंच. हे बोलताना त्यांनी माझ्याकडं बघितलं पण नाही, कागदावर रेघोट्या मारत होत्या.

मी विचारलं, आणि ते गेलेलं?

बायको पण पहिल्यांदा वर बघायला लागली.

मॅडम म्हणाल्या, एवढ्या लवकर जे गर्भ जातात त्यातल्या निम्म्याहून जास्तींत गुणसूत्रांचाच घोळ असतो, तो आपोआप होतो, कुणाचा दोष नाही. वडील ओढत असले तर धोका वाढतो असं दिसलेलं आहे. पण तुमचंच का गेलं हे मी सांगू शकत नाही आणि कोणीच सांगू शकणार नाही. पपई आणि स्कुटी हे मात्र डोक्यातनं काढून टाका.

घरी येऊन मी आईला हे शेवटचं वाक्य तसंच्या तसं सांगितलं. आई लसूण सोलत बसली होती. काय बोलली नाही. बराच वेळ सोलतच होती, दोन भाज्यांना पुरेल एवढा लसूण झाला.

सोडायची तारीख ठरवली गुढीपाडवा. चार दिवस टिकलो. पाचव्या दिवशी शाहू स्टेडियमवर फुटबॉलची मॅच, आमच्या पेठेची नव्हती तरी गेलो, मॅच गेली टायब्रेकरला, आणि बाहेर आल्यावर कुणीतरी पाकीट पुढं केलं तेव्हा माझा हात माझ्या आधी गेला. एकच म्हणून घेतली. दुसऱ्या दिवशी आठ. तिसऱ्या दिवशी बारावर परत. बायकोला सांगितलं नाही पण तिला नाक आहे.

त्याच आठवड्यात बसल्या बसल्या पाकिटाकडं लक्ष गेलं. त्याच्यावर नंबर छापलेला असतो, १८००-११-२३५६, व्यसन सोडायचं असलं तर फोन करा म्हणून. त्या चित्रावर आणि नंबरवर अंगठा दाबूनच मी रोज पाकीट उघडत होतो. गंमत म्हणून लावला तर खरंच उचलला आणि मराठीत बोलणारी पोरगी निघाली, तिनं विचारलं सकाळी उठल्यावर पहिली किती वेळानं लागते. म्हटलं संडासला जाताना. ती हसली नाही. मग ती म्हणाली तारीख ठरवा, घरातली पाकिटं लायटर ॲशट्रे सगळं काढा, कुठल्या वेळी लागते ते लिहून काढा, तलफ आली की ती काही मिनिटंच टिकते, तेवढी ढकला, पाणी प्या, जागा बदला. ती मधनं मधनं फोन पण करत होती, आणि खरं सांगतो, तिला ‘ओढली’ असं सांगायला लागू नये म्हणून मी दोनदा तरी ओढली नाही.

मग सरकारी दवाखान्यातल्या व्यसनमुक्तीच्या खोलीत गेलो. तिथं एक मशीन होतं, श्वास पंधरा सेकंद धरून नळीत फुंकायचं, आणि फुप्फुसात कार्बन मोनॉक्साईड किती आहे ते आकड्यात येतं. मुद्दाम सुट्टीदिवशी गेलो होतो, म्हंजे प्लांटमधल्या गॅसचं निमित्त नको. १९ आला. न ओढणाऱ्याचा सहाच्या आत असतो म्हणाले.

हे मला जेवढं लागलं तेवढं मॅडमचं चित्र पण लागलं नव्हतं. कारण कार्बन मोनॉक्साईड आमचा ओळखीचा आहे. फौंड्रीत त्याला रंग नाही वास नाही, माणूस बसल्या जागी आडवा होतो, म्हणून खिशाला मीटर लावून फिरतो आम्ही, ३५ ला ते ओरडायला लागतं आणि ओरडलं की सगळी बाहेर पळतात. दर वर्षी सेफ्टी ट्रेनिंगमध्ये मीच पोरांना शिकवतो की हा गॅस रक्तातल्या हिमोग्लोबिनला ऑक्सिजनपेक्षा दोनशेपट जास्त घट्ट चिकटतो. शिकवून झालं की टपरीवर जाऊन तोच गॅस रोख पैसे मोजून आत घेतो, वर चहा.

तिथल्या समुपदेशकानं सांगितलं की बाई पोटुशी असताना ओढत असली तर हा गॅस वारेतनं, म्हंजे बाळाला आईशी जोडणाऱ्या प्लासेंटातनं, बाळात जातो आणि बाळाच्या रक्तात आईपेक्षा पण जास्त साठतो, निघायला वेळ पण जास्त लावतो. वर निकोटिननं शिरा आवळतात, म्हंजे वारेला रक्त कमी. तिकडनं ऑक्सिजन कमी, इकडनं रक्त कमी. म्हणून बाळं बारीक निघतात, सरासरी दोनशे ग्रॅमच्या आसपास कमी, दिवस भरायच्या आधी येतात, वार खालीच चिकटते नाहीतर आधीच सुटते, काही पोटातच जातात. आणि कुठल्याही महिन्यात सोडली तरी बाळाला फायदा होतो, कारण गॅस एक-दोन दिवसांत रक्तातनं निघून जातो. माझी बायको ओढत नाही, मग मला हे कशाला सांगताय, असं मी विचारलं. तो म्हणाला, घरात कोण कोण ओढतं?

आप्पा. बिडी. सोप्यात. चाळीस वर्षं.

गमचं सांगतो, कारण ते कुणी नीट सांगत नाही. निकोटिन गम, मला दोन मिलिग्रॅमची दिली कारण दिवसाला वीसच्या आत होतो. पोटुश्या बाईनं ती स्वतःच्या मनानं घ्यायची नाही, डॉक्टरला विचारूनच, हे पण त्यांनी सांगितलं. ती च्युइंगगमसारखी चघळायची नसते. थोडी चावायची, जीभ चुरचुरली की गालात दाबून ठेवायची, चुरचुर गेली की परत थोडी चावायची, अर्धा तास असं. त्याआधी पंधरा मिनिटं चहा-कॉफी नाही, नाहीतर ती लागतच नाही. हे मी ऐकलं आणि विसरलो. पहिल्या दिवशी चहा मारला, गम टाकली आणि कचाकचा चावून रस गिळला, आणि प्लांट मॅनेजरसमोर प्रॉडक्शन मिटिंगमध्ये जी उचकी लागली ती वीस मिनिटं थांबेना. मॅनेजर म्हणाला, कोण तरी लई आठवण काढतंय बघ तुझी.

पहिले तीन दिवस वाईट. डोकं दुखतं, झोप नाही, उगाच कुणावर तरी ओरडायला होतं, एका हेल्परला धातू ओतायची लॅडल नीट तापवली नाही म्हणून एवढा बोललो की संध्याकाळी जाऊन माफी मागितली. सकाळचं काम सिगरेटशिवाय होईना, आठ-दहा दिवस इसबगोल. तोंड आलं. पुढच्या तीन महिन्यांत चार किलो वाढलो. टपरीवाल्यानं मात्र खरी साथ दिली. त्याचं गिऱ्हाईक जात होतं तरी मी चहाला गेलो की तो न बोलता बडीशेपेची पुडी पुढं सरकवायचा आणि दुसरा कुणी मला पाकीट दाखवायला लागला की म्हणायचा, ए, त्याला नको, त्याचं औषध चालू हाय.

रात्रीची जेवणानंतरची सगळ्यात अवघड. ती मी गंगावेशीतल्या दूध कट्ट्यावर नेऊन मारली. बाईक काढायची, बावड्यातनं गंगावेस, म्हशी उभ्याच असतात, समोर धार काढून फेसाळ ग्लास हातात. ग्लास संपेपर्यंत तलफ गेलेली असायची. बायकोला पण नेत होतो. पुढं दिवस राहिल्यावर मॅडमनी तिचं बंद केलं, कच्चं दूध गरोदरपणात चालत नाही, उकळूनच प्यायचं. मग मी एकटाच.

शंभर दिवसांनी परत ती खोली. कॅलेंडर नवीन होतं, निसर्गचित्र. काउंट २१, पुढं सरकणारे ३१, आकार ३. मी मॅडमपुढं छाती काढून बसलो होतो. त्या म्हणाल्या, हे आकडे वर-खाली होतच असतात, सगळं श्रेय सिगरेटला देऊ नका, पण सोडलीय ती सोडलेलीच राहू दे. आययूआयचं, म्हंजे शुक्राणू थेट गर्भपिशवीत सोडायचं, बोलणं चाललं होतं. त्याच्या आधीच, दोन महिन्यांनी, पाळी चुकली.

आता घरचा मोर्चा.

आप्पांना मी एकदा नीट सांगून बघितलं. ते म्हणाले, तू पोटात हुतास तवा मी ह्याच सोप्यात वडत हुतो, तू काय लुळा झालास? मी गप्प बसलो. ११ मिलियन हे काय आप्पांना सांगण्यासारखं नव्हतं. खिडकी उघडून ओढतो म्हणाले, पंखा लावतो म्हणाले, पण धूर खिडकीतनं सांगितल्यासारखा बाहेर जात नाही, घोंगडीत, गादीत, शर्टात बसतो. चार दिवस माझं आणि त्यांचं बोलणं बंद. बायको एक शब्द बोलली नाही. तिनं काय केलं, आप्पांनी काडी पेटवली की सोप्यातनं उठायचं आणि जिना चढून माडीवर जायचं, विझली की खाली यायचं. आमचा जिना जुना लाकडी, उभा, तेरा पायऱ्या. सहाव्या महिन्यात एका संध्याकाळी ती एक हात कमरेवर आणि एक कठड्यावर ठेवून चढत होती आणि आप्पा खालनं बघत होते. दुसऱ्या दिवसापासनं बिडीचा कट्टा घेऊन ते स्वतःच उठून बाहेर पारावर जायला लागले. मला काय बोलले नाहीत, मी पण विचारलं नाही.

आईचं प्रकरण वेगळं. आई मिसरी लावते. बाजारची नाही, घरात तव्यावर तंबाखू काळीभोर होईपर्यंत भाजायची आणि कुटायची, आणि ती भाजायला घेतली की अख्ख्या गल्लीला ठसका. दुसऱ्या महिन्यात आईनं तवा ठेवला आणि बायको उलटी करत परसात पळाली. आईचं म्हणणं, मिसरी म्हंजे काय तंबाखू न्हवं, दाताचं औषध हाय, मी चार पोरं काढली लावून. वर सातव्या महिन्याच्या डोहाळजेवणात शेजारच्या काकूंनी हिरवी साडी नेसून बसलेल्या हिच्या कानात सांगितलं, मळमळतंय तर चिमूटभर लाव, बरं वाटतंय. आमच्याकडं पोटुश्या बायकांना हे सर्रास सांगतात. सिगरेट ओढणारी बाई आमच्या गल्लीत एक नाही, पण तंबाखू पोटातल्या बाळापर्यंत जायला धूर लागतोच असं कुठं आहे.

मॅडमनी यावर मुंबईतला एक अभ्यास सांगितला होता, २००४ ला छापून आलेला. गरोदरपणी अशी तोंडात तंबाखू, जास्त करून मिसरीच, लावणाऱ्या बायकांची बाळं सरासरी १०५ ग्रॅमनं कमी भरली आणि सहा दिवस आधी आली. मी आईला सांगितलं. आई म्हणाली, शंभर ग्राम म्हंजे काय रं, वाटीभर पोहं. म्हटलं अडीच किलोच्या वर-खाली असलेल्या बाळाला वाटीभर पोहे लई असतात. आई म्हणाली, तुझ्या आज्जीच्या येळंला वजनकाटा कुठं हुता. त्यावर माझ्याकडं उत्तर नव्हतं. पण तवा त्या दिवसापासनं चुलीवर चढला नाही.

मुलगी झाली. ३८ आठवडे, २ किलो ८७० ग्रॅम. आई दवाखान्यात सगळ्यांना वजन सांगत फिरत होती, ग्रॅमसकट. घरी सोडताना बाळाच्या डॉक्टरांनी बजावलं की बाळ झोपतं त्या घरात धूर नको, झोपेत बाळ दगावायचा धोका वाढतो. आप्पा मागं उभे होते. आता पारावरनं आले की हात-तोंड धुतात, शर्ट बदलतात, वर थोडा वेळ असेच बसून राहतात आणि मग नात मागतात. सोडलेली नाही. एका कट्ट्याला दोन दिवस जातात आता.

माझं म्हणाल तर एकदा घसरलो. पंचगंगेच्या घाटावर, कामावरच्या एका दोस्ताच्या वडलांच्या मयतीला, लाकडं पेटल्यावर सगळे बाजूला उभे राहून ओढत होते, मी पण घेतली. चार झुरक्यांत चक्कर आली, टाकून दिली. बायकोला अजून सांगितलं नाही. हे वाचेल तेव्हा कळेल तिला.

आणि आई. आईनं मिसरी सोडली असं ती म्हणते. डबी घरात नाही हे खरंय, मी शोधलीय. फक्त सकाळी, दुपारी आणि दिवेलागणीला ती ‘जरा जनावरं बघून येते’ म्हणून मागं गोठ्यात जाते आणि पाच मिनिटांनी चूळ भरत येते. २०१९ च्या महापुरानंतर आप्पांनी दोन्ही म्हशी विकल्या. तेव्हापासनं आमच्या गोठ्यात एक जनावर नाही.